एक स्वर, चार जागा

छत्रपती संभाजीनगरला बीबी का मकबऱ्यामागच्या डोंगरात औरंगाबाद लेणी आहेत. तिथल्या ७ क्रमांकाच्या लेण्यात नर्तिकेचं एक शिल्प आहे. तिच्या दोन्ही बाजूंना मिळून सहा वादक स्त्रिया. वाद्यांवरचे हात स्पष्ट दिसतात, पण त्या काय वाजवत होत्या हे कुणी लिहून ठेवलेलं नाही.

जपानमध्ये मात्र जुनं वाद्यही टिकलं आणि लिहिलेलं संगीतही. नारा इथल्या शोसोइन भांडारात आठव्या शतकातलं पाच तारांचं बिवा हे वाद्य आहे. या वाद्यप्रकाराचं मूळ अभ्यासक भारतात शोधतात. बिवाचं त्याच शतकातलं स्वरलेखनही तिथे जपलं गेलं आहे.

आपल्याकडे स्वरलेखनाविषयीचा संशय अजून गेलेला नाही. पं. भातखंड्यांनी 'क्रमिक पुस्तकमालिके'त शेकडो बंदिशी लिहिल्या. पण मींडेची, म्हणजे एका स्वरावरून दुसऱ्यावर घसरत जाण्याची, कमानीसारखी खूण स्वर कुठून कुठे जातो एवढंच सांगते, तो कसा जातो हे गुरूकडूनच घ्यावं लागतं. म्हणून 'लिहिलं की गाणं बांधलं जातं' असं मानणारे पुष्कळ. आधुनिक जपानी गिटारसंगीत या समजाला चोख उत्तर देतं.

जपानी संगीतकार तोरू ताकेमित्सु (१९३०–१९९६) यांनी संगीताचं रीतसर शिक्षण फारसं घेतलं नव्हतं. १९६७ मध्ये 'नोव्हेंबर स्टेप्स'मध्ये त्यांनी बिवा आणि 'शाकुहाची' ही बासरी थेट पाश्चात्त्य वाद्यवृंदासमोर आणली. गिटारसाठी १९७४ मध्ये 'फोलिओज' लिहिलं, त्याच्या शेवटी बाखची सुरावट डोकावते.

त्यांच्या स्वरलेखनाची पानं वाचताना गिटारची एक खोड लक्षात ठेवावी लागते. पहिल्या मोकळ्या तारेचा स्वर दुसऱ्या तारेवर पाचव्या पडद्याला, तिसरीवर नवव्या आणि चौथीवर चौदाव्या पडद्याला मिळतो. कागदावर टिंब एकच. कानाला मात्र रंग चार, मोकळी तार लखलखीत तर चौथी जाड आणि झाकोळलेली. म्हणून टिंबाशेजारी वर्तुळातला तारेचा आकडा येतो. तारेला नुसता स्पर्श करून काढायच्या स्वरांची खूण वेगळी, शांततेची वेगळी. इतकं लिहूनही स्वर किती रेंगाळू द्यायचा, हे वादकाच्याच हाती राहतं. १९९५ च्या 'इन द वुड्स'चे तीन भाग जॉन विल्यम्स, कियोशी शोमुरा आणि ज्युलियन ब्रीम या तीन अगदी वेगळ्या हातांच्या वादकांना अर्पण केलेले आहेत, हे उगाच नाही.

गिटार शिकणाऱ्याने एकदम 'फोलिओज'ला हात घालू नये. ताकेमित्सु यांची १९७७ ची 'बारा गाणी' आधी घ्यावीत. त्यात बीटल्सचं 'यस्टरडे' आहे, चाल ओळखीची आणि खालचे स्वर मात्र चकवणारे. त्याच निगुतीने कुणी श्रीनिवास खळ्यांची 'श्रावणात घन निळा'ची चाल सहा तारांसाठी लिहून काढावी, कुठला स्वर कुठल्या तारेवर हेही त्यात नोंदवावं.