कागद खरेदीचा, व्यवहार गहाणाचा

कर्वेनगरात आज जमिनीचा भाव चौरस फुटात सांगतात. मुठेकाठचे हे हिंगणे बुद्रुक अण्णासाहेब कर्व्यांनी 1900 साली आश्रमाची झोपडी उभारली तेव्हा नुसते शेतशिवार होते, आणि आश्रमाला सहा एकर जागा रावबहादूर गोखल्यांनी दान दिली होती. अशा दानाचा कागद सरळ असतो. वाकडा असतो तो गरजवंताचा. मुलीचे लग्न किंवा विहिरीचे काम निघाले की शेतकरी सावकाराकडून पैसे उचलतो आणि बदल्यात ‘मुदत खरेदी’ लिहून देतो: ठरलेल्या वर्षांत रक्कम परत केली तर जमीन परत, नाही तर खरेदी कायम. शेतकऱ्याच्या मनात ते गहाण असते, कागदावर मात्र विक्री. खरे काय मानायचे, या प्रश्नावर आपला कायदा दीडशे वर्षे हेलकावे खात आला आहे.

मुंबई उच्च न्यायालयाने 1864 साली, रामजी विरुद्ध चिंतो या खटल्यात, शेतकऱ्याच्या बाजूने कौल दिला. एकदा गहाण ते कायम गहाण. मुदत टळली म्हणून जमीन सोडवण्याचा हक्क बुडत नाही. 1870 साली लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने मद्रासकडच्या एका खटल्यात नेमके उलटे सांगितले: करारात लिहिले आहे तसेच पाळा. न्यायमूर्तींचा हा वाद चालू असताना दख्खनच्या कुणब्यांनी आपला निकाल रस्त्यावर दिला. 12 मे 1875 रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुप्यात दंगा पेटला. दंगेखोरांचा डोळा सावकाराच्या तिजोरीपेक्षा त्याच्या दप्तरावर होता. खते हिसकावायची आणि जाळायची. आपण कशात अडकलो आहोत, हे अंगठा उठवणाऱ्यांना नेमके कळले होते.

दंग्यानंतर सरकारने चौकशी आयोग नेमला आणि 1879 साली दख्खन शेतकरी साहाय्य कायदा आला. त्याच्या अंमलबजावणीसाठी विशेष न्यायाधीश म्हणून न्यायमूर्ती रानड्यांनीही काम केले. त्या कायद्यातली सर्वांत धीट तरतूद मात्र 1907 साली जोडलेल्या कलम 10-अ ची. पुराव्याच्या कायद्याप्रमाणे लेखी कराराविरुद्ध तोंडी पुरावा सहसा चालत नाही. ‘विक्री नव्हतीच, गहाण होते’ असे तोंडी सांगता येणार नाही, हे प्रिव्ही कौन्सिलने 1899 साली स्पष्टही केले होते. कलम 10-अ ने शेतकऱ्यापुरती ही भिंत पाडली. न्यायालयाला कागदामागचा व्यवहार उकरून पाहता येऊ लागला.

मग 1929 साली मालमत्ता हस्तांतरण कायद्यात दुरुस्ती झाली. परत देण्याची अट त्याच खरेदीखतात लिहिलेली नसेल, तर व्यवहार गहाण धरायचा नाही. हेतू चांगला होता. खोट्या दाव्यांना आळा बसावा. पण धूर्त सावकाराला यातून वाटच सापडली. एक खरेदीखत, आणि फेरखरेदीचा करार वेगळ्या कागदावर. झाले! 1954 साली न्या. व्हिवियन बोस यांनी सर्वोच्च न्यायालयात हेच सूत्र मांडले: दोन कागद असतील तर गहाण नाही, एकच असेल तर उभयतांचा हेतू काय होता ते पाहा. हेतू ओळखायच्या खुणाही निकालांतून ठरत गेल्या. किंमत बाजारभावापेक्षा फारच कमी होती का? जमीन कसत कोण राहिले? परतीची रक्कम कशी ठरली?

फरक किती पडतो, तो पाहा. गहाण ठरले तर जमीन सोडवायला 30 वर्षांची मुदत मिळते. नुसता फेरखरेदीचा करार ठरला तर दावा 3 वर्षांत लावावा लागतो, शिवाय ठरलेली तारीख चुकली की हक्क संपला. अशा करारात वेळ काटेकोर पाळावी लागते, हे 1950 साली फेडरल कोर्टाने सांगून ठेवले आहे. महाराष्ट्रातल्या एका शेतजमिनीच्या 1973 सालच्या कागदावर सर्वोच्च न्यायालयाचा निकाल 2017 साली आला, आणि तो व्यवहार गहाण ठरला. 44 वर्षे! तेवढ्या काळात पुण्याच्या कडेची किती शिवारे सोसायट्यांखाली गेली. भाव चढला की जुनी खते कपाटातून बाहेर पडतात, आणि पैसे देणाऱ्याची व घेणाऱ्याची नातवंडे एकमेकांसमोर उभी राहतात.

दोन कागदांची पळवाट कायद्यात अजूनही शाबूत आहे, आणि ती बुजवायला हवी. जो निर्णय हेतू पाहून व्हायला हवा, तो कागद मोजून करण्यात न्याय कसला? तोवर उपाय दोन. महाराष्ट्र सावकारी अधिनियमाच्या, 2014 सालच्या, कलम 18 खाली सहकारी संस्थांच्या जिल्हा उपनिबंधकाकडे अर्ज करता येतो. जमीन सावकारीतून हडपली असे चौकशीत ठरले, तर खरेदीखत अवैध ठरवून ती परत देण्याचा आदेश त्याला काढता येतो. आणि ज्याला मुदत खरेदी करण्यावाचून गत्यंतरच नाही, त्याने परतीची अट त्याच खरेदीखतात लिहून घ्यावी, सही करण्याआधी.