विचारून आखलेली सीमा

तोंडवलीच्या तळाशीलला एका हाताला गड नदीची खाडी, दुसऱ्या हाताला समुद्र. इथली बोली किनाऱ्याने दक्षिणेला चालत गेली तर तेरेखोलपलीकडे पेडण्यातही परकी वाटत नाही. राज्यं मात्र निराळी. दीडशे वर्षांपूर्वी मालवणात इंग्रज, सावंतवाडीत संस्थान आणि पेडण्यात पोर्तुगीज होते.

जर्मनांचंही असंच होतं. १८१५ नंतर त्यांची ३९ राज्यं, आणि सगळ्यांना जोडणारा धागा भाषेचा. बर्लिनमध्ये फ्रेंच फौजा असताना १८०७-०८ च्या हिवाळ्यात फिख्टे या तत्त्वज्ञाने भाषणांतून जर्मनांना त्यांच्या भाषेची थोरवी सांगितली. १८१२ मध्ये ग्रिम बंधूंच्या लोककथा छापून आल्या. इथवर हेवा वाटावा असंच सगळं. पण १८७१ मध्ये साम्राज्य उभं करताना बिस्मार्कने फ्रान्सचा अल्सास घेतला. लोक जर्मन वळणाची बोली बोलतात ना, मग ते आपलेच! त्यांच्या प्रतिनिधींनी केलेला निषेध कुणी मनावर घेतला नाही. पुढच्या पाऊणशे वर्षांत त्या प्रांताचा धनी आणखी तीनदा बदलला. हिटलरने १९३८ मध्ये सुडेटनलँड गिळला, तोही जर्मनभाषकांच्याच नावाने.

महायुद्धानंतर सारलँड फ्रान्सच्या छायेत होता. १९५५ मध्ये मात्र तिथल्या लोकांना विचारलं गेलं. त्यांच्या मतामुळे १९५७ मध्ये तो पश्चिम जर्मनीत आला.

गोव्यालाही विचारलं गेलं. १६ जानेवारी १९६७ च्या जनमत कौलात महाराष्ट्रात विलीनीकरणाला १,३८,१७० मतं पडली आणि वेगळं राहण्याला १,७२,१९१. कौल निःपक्षपणे व्हावा म्हणून भाऊसाहेब बांदोडकरांच्या महाराष्ट्रवादी गोमंतक पक्षाच्या सरकारने आधीच राजीनामा दिला होता, हे विशेष. अनेक मराठी मनांना तो निकाल लागला. मला मात्र त्यात महाराष्ट्राचा पराभव दिसत नाही. आमच्या गावऱ्हाटीत देवाचा कौल घेतल्याशिवाय मोठं काम पुढे जात नाही. कौल उजवा पडो की डावा, तो मानायचा असतो. गोव्याचा कौल महाराष्ट्राने मानला, आणि आजही सिंधुदुर्गातली माणसं नोकरीला, दवाखान्याला, लग्नाला सहज गोव्यात जातात.

बेळगावात असा कौल कधी घेतलाच गेला नाही. तिथल्या सीमेचा दावा २००४ पासून सर्वोच्च न्यायालयात आहे.