सबब सुटते तेव्हा

आमच्या वडीगोद्रीत बटईने शेत करणाऱ्याचे पीक बुडाले, तर तो मालकाकडे बोट दाखवू शकतो. स्वतःचे शेत घेतले की ही सोय संपते. पटकथालेखक निर्माता होतो तेव्हाही असेच घडत असावे.

आचार्य अत्र्यांनी १९३८ साली हंस पिक्चर्ससाठी ‘ब्रह्मचारी’ लिहिला; दिग्दर्शक होते मास्टर विनायक. पुढे अत्रे स्वतःच निर्माते झाले. १९५३ साली त्यांनी साने गुरुजींच्या ‘श्यामची आई’वर चित्रपट काढला. महाराष्ट्राला हसवणाऱ्या या माणसाने, नायक-नायिकेची प्रेमकथा नसलेल्या, गरीब घरातल्या मायलेकरांच्या गोष्टीत पैसा घातला! १९५४ साली त्या चित्रपटाला राष्ट्रपतींचे सुवर्णपदक लाभले; पण पैसा घालताना ते थोडेच ठाऊक होते?

निर्माता झाला की लेखक स्वतंत्र होतो, असे म्हणतात. मला ते अर्धेच खरे वाटते. थैली त्याची, तशी धास्तीही त्याचीच. ‘चालणार नाही’ म्हणून एखादा खरा प्रसंग गाळण्याचा मोह आता त्यालाच होतो; आणि गाळलाच, तर ‘शेटजींनी सांगितले’ असे म्हणता येत नाही. स्वातंत्र्य म्हणजे मोकळीक नव्हे. सबब उरत नाही, तेच स्वातंत्र्य. ते पेलायला आपल्यापैकी किती जण खरोखर तयार असतात?