सुनेचा मान आणि रखमाबाईंचा नकार

‘आमच्याकडे सुनेला मुलीसारखं वागवतात, नोकरीही करू देतात,’ असं लग्नाच्या बैठकीत मुलाकडची मंडळी अभिमानाने सांगतात आणि मुलीकडच्यांना हायसं वाटतं. हुंड्याचं नाव कुणी काढत नाही, मानपान मात्र यादीत असतं, आणि त्या यादीत विहीणबाईंच्या साडीपासून सगळ्यांचा मान धरलेला असतो. नवरीचा मान म्हणजे काय, हे तिला सोडून सगळे ठरवतात. परवानगी म्हणून मिळालेली मोकळीक उद्या काढूनही घेता येते. सासरच्या मर्जीवर टिकणाऱ्या गोष्टीला मान म्हणायला मी तयार नाही.

कन्यादान, पातिव्रत्य, दोन्ही कुळांचं नाव राखणारी लेक हा जुना आदर्श नव्याने सांगायला नको. त्यात नवरीची प्रतिष्ठा तिच्या निमूटपणावर ठरे. १८७३ पासून सत्यशोधक लग्नांत वधू भर मांडवात वराकडे हक्कांचं वचन मागू लागली. १८८२ साली ताराबाई शिंद्यांनी ‘स्त्रीपुरुष तुलना’ लिहून बायकांनाच दोष देणाऱ्या पुरुषांना जाब विचारला. इथवर फारसा वाद नाही. घोटाळा होतो तो रखमाबाईंपाशी.

अकराव्या वर्षी लग्न झालेल्या रखमाबाई आई आणि सावत्र वडील डॉ. सखाराम अर्जुन यांच्याकडेच वाढल्या, शिकल्या. १८८४ साली दादाजी भिकाजींनी बायकोला नांदायला पाठवा म्हणून मुंबई उच्च न्यायालयात दावा लावला. न्या. पिन्हे यांचा निकाल रखमाबाईंच्या बाजूने लागला, अपिलात तो फिरला, आणि मार्च १८८७ मध्ये न्या. फॅरन यांनी हुकूम दिला: महिन्याभरात नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने तुरुंग. त्यांनी तुरुंग पत्करायची तयारी दाखवली. पुढच्या वर्षी दोन हजार रुपये घेऊन दादाजींनी हक्क सोडला. रखमाबाई विलायतेला जाऊन डॉक्टर झाल्या. ही हकीकत आपण बालविवाहाची म्हणून सांगतो आणि १८९१ च्या संमतिवयाच्या कायद्याला नेऊन जोडतो. माझ्या मते हे चुकीचं वाचन आहे. त्या कायद्याने वय दहावरून बारावर नेलं. कोर्टात उभी होती ती वयात आलेली, विचार करून नाही म्हणणारी बाई. कळत्या वयापूर्वी, संमतीवाचून लागलेलं लग्न मला बांधत नाही, हे तिचं म्हणणं होतं. वय वाढवणं सुधारकांना पचलं, कारण वय कितीही वाढलं तरी मुलगी कुणाच्या घरी धाडायची हे वडीलधाऱ्यांच्याच हाती राहतं. तिच्या नकारातला धोका विरोधकांनी नेमका ओळखला. ‘केसरी’ने विवाहसंस्थेवरच घाला आला म्हणून रान उठवलं, ते उगाच नाही.

यावर म्हणतात की डॉक्टर बाप, नावावर मालमत्ता, इंग्रजीत लिहिण्याची ताकद. सामान्य मुलीला हे कुठलं? लढायला साधनं लागतात, हे खरंच. पण त्यांच्या समाजाकडे पाहा. रखमाबाई सुतार समाजातल्या. विधवेच्या पुनर्विवाहाला तिथे आडकाठी नव्हती आणि त्यांच्या आईने तसा विवाह केलाही होता. बाईला दुसरा संसार मांडू देणाऱ्या समाजातसुद्धा पहिल्या लग्नाला नाही म्हणण्याची सोय नव्हती. रूढी किती सैल, किती कडक यावर हा प्रश्न सुटत नाही. तिच्या शब्दाला वजन आहे की नाही, यावर सुटतो. दुसरा आक्षेप घर मोडण्याचा. पण कोर्टाच्या हुकमाने नांदायला आणलेली बाई घरात राहिली, तरी त्या राहण्याला संसार कसा म्हणायचा?

नांदायला बोलावण्याची हीच तरतूद १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यात कलम ९ म्हणून बसली. १९८३ साली आंध्र प्रदेश उच्च न्यायालयाने ती घटनाबाह्य ठरवली. १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती वैध मानली. आता तुरुंग नाही, हुकूम मोडला तर मालमत्तेवर जप्ती येऊ शकते. कलम नवरा-बायको दोघांना सारखं लागू आहे, असं त्याचं समर्थन होतं. पण लग्नानंतर घर बदलते ती बाई, म्हणून परतण्याचा हुकूम तिच्यावरच जड पडतो. रखमाबाईंच्या जयंतीला भाषणं ठेवणाऱ्या संस्थांनी हे कलम रद्द करण्याची मागणी त्याच मंचावरून करावी.