कोळशाची भिंत आणि यात्रेतला पडदा

दृश्यकलावंताने चित्रफीत आणि मांडणशिल्प हाती घेतले की ‘हे परदेशी खूळ, शहरातल्या चार रिकामटेकड्यांसाठी’ असा शेरा आपल्याकडे तयारच असतो. विदर्भात तरी तो टिकू नये. या प्रकारातले आजचे एक ठळक नाव, प्रभाकर पाचपुते, चंद्रपूर जिल्ह्यातल्या सास्तीचे. जन्म १९८६ चा; घरातल्या तीन पिढ्यांचा कोळसा खाणीशी संबंध. खैरागढ आणि बडोद्याला ते शिल्पकला शिकले, पण हाती धरला तो कोळसाच. थेट भिंतीवर कोळशाने माणूस काढायचा, त्याच्या धडावर डोक्याऐवजी दिवा किंवा अवजार बसवायचे, आणि जोडीला स्टॉप-मोशनची हलती चित्रे दाखवायची, ही त्यांची रीत. २०१२ मध्ये मुंबईच्या क्लार्क हाऊसमधल्या त्यांच्या प्रदर्शनाचे नाव होते ‘कॅनरी इन अ कोलमाइन’. विषारी वायूची चाहूल लागावी म्हणून खाणीत पिंजऱ्यातून न्यायचा तो हा पक्षी.

मग सरळ माहितीपट का काढू नये, असे विचारले जाते. प्रश्न रास्त आहे. खाणीखाली किती एकर शेत गेले, मोबदला किती मिळाला, हे माहितीपटच नीट सांगेल. पण उघडी खाण वर्षानुवर्षे गावाच्या दिशेने सरकत राहते. कॅमेरा रोखावा असा एक प्रसंग त्यात नसतो. आकृती तसूभर हलवून एकेक चौकट टिपणारे स्टॉप-मोशन ती संथ गती अंगात भिनवते. भिंतीवरचे चित्र तर प्रदर्शन संपले की चुन्याखाली जाते. शेत गेल्यावर मागे काय उरते, ते सांगायला याहून नेमके माध्यम मला दिसत नाही.

दुसरा आक्षेप जास्त बोचरा आहे. पाचपुत्यांचे काम गेले ते साओ पावलो (२०१४) आणि व्हेनिसच्या (२०२२) द्वैवार्षिक कलाप्रदर्शनांत; तिथे खाणकामगाराचे चित्र पाहतात कोण? यात तथ्य आहे, आणि बंद वर्तुळात फिरणाऱ्या कलेचे काय होते त्याचा दाखलाही आहे. चित्रकार अकबर पदमसी यांनी १९६९ मध्ये नेहरू फेलोशिपच्या पैशातून मुंबईत कलावंतांसाठी प्रयोगशाळा उभारली, नलिनी मालानींनी तिथे पहिले चित्रपट केले. पण पदमसींच्या ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’ या चित्रपटाची एकमेव प्रत हरवली ती कायमचीच. तरी याचा दोष कलाप्रकाराच्या माथी मारणे चूक आहे. पिंगुळीच्या चित्रकथ्यांनी गावोगाव चित्रे दाखवून कथा सांगितल्या. टुरिंग टॉकीजच्या तंबूत, यात्रेच्या धुळीत, आपल्या लोकांनी हलती चित्रे डोळे फाडून पाहिली. प्रेक्षक कधीच अडाणी नव्हता, चित्रे त्याच्यापर्यंत पोचवणारेच आटले.

बुलढाणा जिल्ह्यात सातपुड्याच्या पायथ्याशी असलेल्या सोनाळ्यात सोनाजी महाराजांची यात्रा भरते. अंबाबरवा अभयारण्याचे जंगल जवळच, त्यामुळे जमीन आणि रान यांवर हक्क कोणाचा, हा विषय तिथे कोणाला समजावून सांगावा लागणार नाही. चुन्याने सारवलेली एक भिंत, एक प्रोजेक्टर आणि दोन रात्रींची वीज, एवढ्यात असे काम तिथे मांडता येते. कला संचालनालयाने आणि विदर्भातल्या कला महाविद्यालयांनी पुढच्या यात्रेत हा प्रयोग करावा, आणि पाहून गेलेल्यांचे म्हणणे लिहून ठेवावे.