शेताचा ताबा व मंडळीची शांती

सावली तालुक्यात रोवणीचे दिवस आले की धुऱ्याचे तंटेही डोके वर काढतात. आसोलामेंढ्याचे पाणी पाटाने बांधीत उतरते आणि त्याबरोबर जुने वैरही उतरते. अशा वेळी दंडाधिकाऱ्याचा जो हुकूम निघतो, त्याविषयी पुष्कळांचा आक्षेप असतो की, शेत खरोखर कोणाचे हे सरकार विचारीतच नाही. ज्याच्या हाती नांगर त्यालाच राखते. हा न्याय कसला?

आक्षेप अगदीच निराधार नाही. १८९८ च्या व नंतर १९७३ च्या फौजदारी संहितेत हे कलम १४५ होते; १ जुलै २०२४ पासून ते भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम १६४ झाले आहे. जमीन, पाणी किंवा पीक ह्यांच्या तंट्याने शांतताभंग होण्याचा संभव आहे अशी खात्री झाल्यास दंडाधिकारी कारणे लिहून उभय पक्षांस बोलावितो, आणि हुकुमाच्या दिवशी प्रत्यक्ष ताबा कोणाचा होता एवढेच पाहतो. मालकी दिवाणी न्यायालयाने ठरवावी. तोवर ताबेदारास कोणी उठवू नये. माझ्या मते कायदा येथे आपली मर्यादा ओळखून चालतो. लाठ्या उगारलेल्या धुऱ्यावर उभे राहून तीन पिढ्यांचा हक्क कोण ठरविणार?

परंतु नाबोथाच्या द्राक्षमळ्यात अहाब उतरला, तेव्हा ताबा अहाबाचाच होता! म्हणून कायद्याने एक दार उघडे ठेविले आहे. पोलिसांचा अहवाल वा दुसरी खबर दंडाधिकाऱ्यास पोहोचण्यापूर्वीच्या दोन महिन्यांत कोणास बळाने व अन्यायाने हुसकाविले असेल, तर तो ताब्यातच आहे असे धरता येते. त्यानंतरही, ताबा गेल्यापासून सहा महिन्यांच्या आत, मालकी सिद्ध न करता तो दिवाणी दाव्याने परत मागता येतो.

आमच्या मंडळ्यांचे दुखणे ह्या दोन महिन्यांतच आहे. समजा, एका विधवेची बांधी दिराने ऐन रोवणीत आपल्या नांगराखाली घेतली. उपदेशक तिला सांगतो, "बाई, सोशिकपणे घे, प्रभू पाहतो, वडीलमंडळी बसून मिटवील." दीरही सभासद असल्यास, भावाभावांच्या फिर्यादींविषयी पौलाने करिंथकरांस लिहिलेले वाचून दाखवितो. रोवणी होते, निंदण होते, धान निसवते. वडीलमंडळी बसते तोवर मुदत उलटलेली असते. मग ताबेदार दीर ठरतो आणि शांतीचा हुकूम त्या बाईविरुद्ध निघतो.

इसहाकाने एसेक व सितना ह्या विहिरी सोडून दिल्या हे खरे. पण विहिरी त्याने खणलेल्या, आणि सोडणाराही तोच. दुसऱ्याच्या शेतावर औदार्य दाखविण्याचा अधिकार उपदेशकास कोणी दिला? पौलाने तरी तंटा तसाच लोंबत ठेवा असे कोठे लिहिले? शहाण्याने तो निवाडावा असेच त्याचे म्हणणे. मग तो निवाडा आठ दिवसांत करा. होत नसेल तर बाईबरोबर कचेरीत जा, तिचा अर्ज लिहून द्या, त्याची पोच घ्या. स्वतः पौलही कैसराकडे दाद मागण्यास लाजला नाही.

सातबाऱ्याबरोबर शेजाऱ्यांची साक्षही तेथे लागते. यंदा नांगर कोणाचा चालला, पऱ्हे कोणी टाकले, हे त्या शेजाऱ्यांस ठाऊक असते, आणि त्यांतील काही आपलेच सभासद असतात. पण दिराची वर्गणी मोठी असली की कित्येकांची जीभ अडते.