नोटिशीचं उत्तर

मराठी वर्तमानपत्रांच्या आतल्या पानांवर बारीक टायपात ताबा नोटिसा छापलेल्या असतात. कर्जदाराचं नाव, जामीनदाराचं नाव, थकबाकीचा आकडा, मग मालमत्तेच्या चतुःसीमा. त्या मराठीत असतात, कारण नियमच तसा आहे: तारण मालमत्तेचा ताबा घेतल्यावर सात दिवसांत दोन वर्तमानपत्रांत सूचना द्यायची, त्यांतलं एक स्थानिक भाषेतलं. कुणी त्या मालमत्तेचा व्यवहार करू नये, म्हणून ही खबरदारी. त्याच कर्जदाराच्या घरी आधी आलेली मागणी नोटीस मात्र बहुतेक वेळा इंग्रजीत असते. गावाला कळावं याची एवढी काळजी आणि ज्याचं घर जाणार त्याला कळलं का, याची चौकशी नाही. हे मला फार खुपतं.

२००२च्या सरफेसी कायद्याने बँकांना मोठा अधिकार दिला. कर्ज थकीत ठरलं की ६० दिवसांची मागणी नोटीस द्यायची आणि पैसे आले नाहीत तर खटला न भरता तारणाचा ताबा घ्यायचा, ते विकायचं. शेतजमीन यातून वगळली आहे. कर्जदाराला दिवाणी न्यायालयात जाता येत नाही. ऋणवसुली न्यायाधिकरणात जाता येतं, पण बँकेने कारवाई केल्यावर, ४५ दिवसांच्या आत.

हा अधिकार उगाच दिलेला नाही. दिवाणी दावे वर्षानुवर्षे रेंगाळत आणि अडकलेला पैसा ठेवीदारांचा असे. कोल्हापूर जिल्ह्यातल्या मुरगूडच्या सहकारी बँकेचं प्रकरण सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठापर्यंत गेलं, आणि सहकारी बँकांनाही हा कायदा वापरता येईल असं २०२० साली ठरलं. बुडीत सहकारी बँकेच्या बंद दारापुढे उभे असलेले ठेवीदार महाराष्ट्राने पाहिले आहेत. वसुली लवकर व्हावी, याला माझा विरोध नाही.

माझं म्हणणं आहे ते मधल्या ६० दिवसांबद्दल. मूळ कायद्यात न्यायाधिकरणाकडे जाण्यासाठीही मागणीच्या ७५ टक्के रक्कम आधी भरावी लागे. ज्याच्याकडे हप्त्याचे पैसे नाहीत, त्याने एवढे आणायचे कुठून? २००४च्या मार्डिया केमिकल्स खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ती अट रद्द केली. बँकेने कर्जदाराच्या हरकतीचा विचार करून न पटण्याची कारणं कळवली पाहिजेत, असंही बजावलं. त्यानंतर दुरुस्ती झाली. आज बँकेने १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यायचं असतं. पण त्याच कलमात पुढे म्हटलं आहे की, केवळ या कारणांवरून न्यायाधिकरणात जाता येणार नाही. म्हणजे आकडा मांडणारी बँक, त्यावरची हरकत तपासणारीही बँक. व्याज चुकीचं लागलं, भरलेला हप्ता खात्यात दिसत नाही, अशा तक्रारींचा निवाडा ज्याच्याविरुद्ध तक्रार आहे तोच करतो.

गोव्यातल्या एका मोठ्या हॉटेलच्या प्रकरणात २०१८ साली सर्वोच्च न्यायालयाने असं उत्तर देणं बंधनकारकच आहे, असं स्पष्ट सांगितलं. तरी कर्जदार कंपनीला दिलासा मिळाला नाही, कारण तिने वारंवार मुदती घेऊन शब्द पाळला नव्हता. निकाल मला योग्य वाटतो. वेळकाढूपणा करणारे कर्जदार असतातच. पण कोटींची कंपनी सर्वोच्च न्यायालयापर्यंत लढू शकते. दोन खोल्यांचा फ्लॅट गहाण ठेवलेला माणूस त्या १५ दिवसांत आलेल्या चार ओळींवरच थांबतो.

कर्जाचा आकडा कुणी तपासायचा, हा प्रश्न आपल्याकडे जुना आहे. मे १८७५मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात शेतकऱ्यांचा उठाव झाला. ठिकठिकाणी सावकारांची कर्जखतं हिसकावून जाळली गेली. रोष होता तो कागदावर, कारण न्यायालय कागद पाहून हुकूमनामा देई. १८७९च्या दख्खन शेतकरी साहाय्य कायद्याने न्यायाधीशांना खताच्या मागे जाऊन कर्जाचा पूर्वेतिहास तपासायला लावलं. तेव्हाच्या परक्या सरकारलाही ते पटलं होतं.

आता तर घाई आणखी आहे. २०१६च्या दुरुस्तीनंतर, पूर्ण रक्कम भरून गहाण सोडवण्याचा हक्क लिलावाची नोटीस प्रसिद्ध होईपर्यंतच उरतो. २०२३मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते पक्कं केलं. म्हणून मागणी नोटीस मराठीत यावी, सोबत खात्याचा पूर्ण उतारा असावा, आणि हरकतीवर वसुली विभागाबाहेरच्या अधिकाऱ्याने कर्जदाराला समोर बसवून एकेका नोंदीचं उत्तर द्यावं. लिलावाची नोटीस छापून येण्याच्या आत.